चिचघाटची घंटी

मी रुळाचा तुकडा बोलतोय. कोणत्या रुळाचा म्हणाल, तर आज ज्यावरून तुमची गाडी धावते, त्याच्या आधीच्या रुळाचा. लांबीला दीड हात, एका टोकाला भोक, भोकात तार, आणि त्या तारेनं मी चिचघाट स्टेशनच्या पडवीत टांगलेला आहे. नागपूरहून पूर्वेकडे निघालात आणि कन्हान नदीचा पूल ओलांडला, की मौद्याच्या अंगाला थोड्या वेळानं हे स्टेशन येतं. तुमची गाडी फास्ट असेल तर येतं आणि लगेच जातं. पाटीवरचं पहिलं अक्षर वाचून होतंय तोवर शेवटचं मागे पडलेलं असतं.

तेव्हा तुम्ही मला पाहिलेलं नाही. त्यात तुमचा दोष नाही, वेगाचा आहे. पण तो वेग आणण्यासाठीच मला कापलं, आणि पुढं त्याच वेगाची वर्दी द्यायचं काम माझ्याच गळ्यात पडलं. म्हणून चार शब्द बोलायचा मला हक्क आहे, असं मी समजतो.

माझा जन्म भिलाईचा. तापलेलं लाल पोलाद लाटत लाटत लांबवतात, तसं मलाही लांबवलं. तेव्हा मी तुकडा नव्हतो, चांगला तेरा मीटरचा अख्खा रूळ होतो. कमरेवर जन्माचं साल उठवलं होतं, १९६१. मालगाडीवर घालून मला इथं आणलं, साल वृक्षाच्या लाकडी स्लीपरांवर निजवलं आणि खिळे ठोकले. पुढची दहा-अकरा वर्षं मी आडवाच होतो. कूस बदलायची सोय नव्हती.

रुळाला माणसं दिसत नाहीत, त्यांचं वजन तेवढं कळतं. लग्नसराईच्या गाड्या मला न बघता ओळखू यायच्या. दसऱ्याच्या सुमारास दीक्षाभूमीला जाणाऱ्या माणसांनी नागपूरच्या गाड्या भरून जायच्या आणि परतीला त्याहून जड होऊन यायच्या, कारण येताना जो तो पिशवीतून पुस्तकं आणायचा. दोन रुळांच्या मधे फट असते. प्रत्येक चाक त्या फटीत ठेचकाळायचं आणि खडाक-खट असा आवाज व्हायचा. त्या आवाजावर आयांच्या मांडीवरची पोरं निवांत झोपायची. आम्हाला ठोकर आणि पोरांना अंगाई, असा आमचा संसार चालला होता.

मग ट्रॉलीवर बसून साहेब लोक येऊ लागले. वाकून बघायचे, मोजायचे, आपसांत बोलायचे. शहरं जवळ आणायची आहेत, असं त्यांच्यातला एक जण म्हणाला. मला नवल वाटलं. नागपूर जागचं हलणार की कलकत्ता? नंतर समजलं, की त्यांना वेळ कमी करायचा होता. एका मोठ्या शहरातून निघालेल्या माणसानं दुसऱ्या मोठ्या शहरात लवकरात लवकर उतरावं, मधे कुठं थांबू नये, पेल्यातलं पाणी डचमळू नये. त्यासाठी फटी नकोत आणि लाकूडही नको. सिमेंटचे स्लीपर हवेत आणि एकमेकांना वितळवून जोडलेले लांबच लांब भारी रूळ हवेत. आमचं वजन कमी पडतं म्हणाले. वजन कमी भरलं म्हणून घरी बसवलेला मी जगात एकटाच असेन.

आम्हाला उपटलं, न्यायला सोपं पडावं म्हणून तुकडे केले आणि स्टेशनाबाहेर ढीग घातला. त्या ढिगातून मला उचललं ते देवाजीनं.

देवाजी मेश्राम हा चिचघाटचा पोर्टर. झेंडी दाखवणं, कंदील लावणं आणि घंटा देणं ही त्याची कामं. स्टेशनची जुनी पितळी घंटा कुणीतरी लंपास केली होती. तिचं आतापर्यंत पातेलं झालं असेल. नवी मिळेपर्यंत रुळाचा तुकडा टांगून काम भागवायचं ठरलं. तेव्हा हा गडी हातात लोखंडी बोल्ट घेऊन ढिगाजवळ बसला आणि एकेका तुकड्यावर ठोका मारून कान देऊ लागला. बाया बाजारात मडकं पारखतात ना, तसं. काही भावंडं बद्द वाजली. माझ्यावर ठोका पडला आणि आवाज गावापलीकडच्या तळ्यापर्यंत गेला. देवाजी हसला. इतकी वर्षं अंगावरून गाड्या गेल्या, पण मला आवाज आहे हे त्या दिवशी कळलं.

स्टेशनमास्तर गोपाळराव नागपूरच्या महाल भागातले, पानाचे शौकीन. त्यांनी मला हळदीचं बोट लावलं, नारळ फोडला आणि खोबऱ्याचा पहिला तुकडा देवाजीच्या हातावर ठेवला. नवी घंटा काही आजतागायत आलेली नाही.

आता देवाजीच्या घरचं थोडं सांगतो, त्याशिवाय पुढचं कळायचं नाही. त्याच्या बापाकडे गावात वर्दी द्यायचं काम होतं. कुणाकडे पाहुणा आला, कुणाचं मयत झालं, साहेबाचा दौरा आहे, हे सगळं त्यानं गल्लीच्या तोंडाशी उभं राहून ओरडून सांगायचं. गल्लीत शिरायचं नाही. छप्पन साली नागपूरला जाऊन घराण्यानं दीक्षा घेतली आणि बापानं ते काम टाकलं. पुढं मुलगा रेल्वेत लागला आणि त्याच्या हाती घंटा आली. ज्या गल्ल्यांत बापाची सावली चालत नव्हती, तिथं देवाजीचा ठोका थेट माजघरात जाऊ लागला. गावचे नत्थूजी पाटील कधीमधी कुरकुरायचे, की देवाजीच्या हातच्या ठोक्यावर आम्हाला जेवावं लागते. पण जेवायचे.

कारण सगळं गाव माझ्यावर चालायचं. रीत अशी होती. मागच्या स्टेशनावरून गाडी सुटली, की देवाजी माझ्यावर ठोके द्यायचा. नागपूरकडे जाणारी असेल तर तीन, नागपूरहून येणारी असेल तर दोन. तिथून पॅसेंजर इथं यायला पाव तास लागायचा. गाव रुळांच्या एका बाजूला आणि स्टेशन दुसऱ्या बाजूला. पूल नाही, फाटक नाही. दोन्ही लाइनी पायी ओलांडायच्या. घंटा झाली, की रुळांकाठच्या घरातली इंदूबाई तव्यावरची शेवटची भाकर उलटवायची, कुणी अर्धी दाढी पुरी करायचं, कुणी पान लावायला घ्यायचं, आणि मग सावकाश सगळे रूळ ओलांडून यायचे. गाडी कधी कुणाची चुकली नाही.

या मधल्या वेळेला गाव 'घंटी' म्हणायचं. तास वेगळा, घंटी वेगळी. भात शिजायला दोन घंट्या. तळ्यावर जाऊन यायला तीन. कुणाच्या घरी बाळंतीण अडली, तर सुईणसुद्धा बाहेर येऊन सांगायची, की अजून चारेक घंट्या लागतील. घड्याळं गावात नव्हती असं नाही. पाटलांकडे होतं, शाळेत होतं. पण घड्याळात बघावं लागतं, आणि घंटी अंगात असायची.

सगळ्यांत जास्त अंगवळणी पडली होती ती अंजनाबाईच्या. अंजनाबाई ही देवाजीची थोरली बहीण. आई गेली तेव्हा देवाजी रांगत होता. तिनंच त्याला वाढवलं. तिचं लग्न झालं, नवरा लवकर गेला आणि ती भावाकडे परत आली. कुणावर भार नको म्हणून उकडलेले शिंगाडे पॅसेंजरमध्ये विकू लागली. हिवाळ्यात शिंगाडे, उन्हाळ्यात टेंभरं, म्हणजे तेंदूची फळं. रुळांच्या पलीकडे निंबाखाली ती टोपली घेऊन बसायची. माझा आवाज आला, की उठायची, चुंबळ करायची, टोपली डोक्यावर घ्यायची आणि चालू लागायची. पहिली लाइन ओलांडली, की दोन लाइनींच्या मधे थांबून चुंबळ सारखी करायची. ही तिची नेहमीची जागा. मग दुसरी लाइन ओलांडून ती फलाटावर चढायची, तेव्हा इंजिनाचा धूर दिसू लागलेला असायचा. एवढं करताना तिनं कधी मान वळवून गाडीकडे पाहिलं नाही. भावाची घंटा झाली, म्हणजे आपल्याला घंटीभर वेळ आहे, हे तिला पक्कं माहीत होतं.

आणि अशा गावात, आणीबाणी उठली त्याच्या आसपास, ती फास्ट गाडी आली.

तिचं खरं नाव मोठं आणि छापील होतं. गावानं तिला 'सुसाट' म्हटलं. देशाच्या एका टोकाच्या शहरातून दुसऱ्या टोकाच्या शहरात जाणारी गाडी, नागपुरासारख्या मोजक्या ठिकाणी थांबणार, एरवी कुठंच नाही. गोपाळराव तिच्याबद्दल लेकीच्या स्थळाबद्दल बोलावं तसे बोलायचे. ती इथं थांबणार नाही हे त्यांनी दहादा सांगितलं, पण गावाला ते पटेना. एवढी मोठी गाडी, निदान पहिल्या दिवशी तरी गावाला तोंड दाखवल्याशिवाय जाईल कशी?

पहिल्या दिवशी नत्थूजी पाटील हार आणि नारळ घेऊन निघाले. देवाजीनं तीन ठोके दिले. घंटा झाल्यावर पाटलांनी शांतपणे पागोटं बांधलं, पान लावलं, तोंडात टाकलं, आणि रुळांपाशी येतात न येतात तोच त्यांच्यासमोरून एक लांबलचक वारा गेला. हार तळ्याच्या दिशेला आणि पागोटं बाभळीवर. पान लावायला वेळ लागतो तेवढ्यात गाडी आलीही आणि गेलीही. पाटलांनी नारळ फोडला, पण गाडीच्या मागे. सगळं गाव पोट धरधरून हसलं. पाटीलही हसले.

देवाजी हसला नाही. हिरवी झेंडी हातात घेऊन तो फलाटावर उभा होता आणि अर्धं गाव रुळांच्या पलीकडे कसं अडकलं ते त्यानं पाहिलं होतं. त्या दिवसापासून त्याचा ठोका बदलला. इतरांना कळलं नसेल, मला कळायचं. पॅसेंजरला त्याचा हात मोकळा पडायचा. सुसाटला बोल्ट उचलून तो क्षणभर थांबायचा.

त्याच्या मनात काय होतं ते मला तरी स्पष्ट होतं, कारण माझ्याही मनात तेच होतं. घंटी आता घंटीभर राहिली नव्हती. गाडी तिसऱ्या हिश्शाच्या वेळात यायला लागली होती, आणि आवाज मात्र माझाच, ठोके तेच. मी वाजलो की गाव उठायचं आणि रुळांकडे यायचं. म्हणजे आम्ही दोघं मिळून माणसांना हाका मारत होतो, गाडीखाली या म्हणून. तरी बरं, सुसाट दुपारची होती आणि त्या वेळी पॅसेंजर नसायची, म्हणून निभत होतं.

त्यानं घरोघर सांगून पाहिलं. हो हो म्हणाले सगळे. अंगवळणी पडलेलं सांगून सुटत नाही. बहिणीला तर त्यानं रोज सांगितलं. ती टोपलीतले शिंगाडे निवडता निवडता त्याची समजूत घालायची, लहानपणी घालायची तशी. एक दिवस तो फारच मागे लागला, तेव्हा तिनं मान वर केली.

"तुह्या घंटीनं मी मरन का गा?" ती म्हणाली.

देवाजी उठून माझ्याखाली येऊन उभा राहिला आणि कितीतरी वेळ बोल्ट हातातल्या हातात फिरवत राहिला.

हिवाळ्याची सकाळ होती. सुसाटला वाटेत कुठं तरी अडथळा आला होता आणि आदल्या दुपारी यायची ती आता येत होती. नेमकी पॅसेंजरच्या वेळेला. मोठीला वाट द्यायची म्हणून पॅसेंजर मागच्या स्टेशनावर बाजूला काढून ठेवली होती. देवाजीनं फलाटावरच्या माणसांना हे सांगितलं. पलीकडे गावाला कोण सांगणार? गावाकडे फक्त मी जायचो.

नियम तो नियम. मागच्या स्टेशनानं कळवलं आणि देवाजीनं तीन ठोके दिले. मग तोंडाशी हात धरून तो पलीकडे ओरडला. पण सकाळची वेळ, विहिरीवर गर्दी, कोण ऐकणार? घंटा झाली आणि ती पॅसेंजरच्या वेळेला झाली, एवढं गावाला पुरे होतं.

निंबाखालून अंजनाबाई उठली. चुंबळ, टोपली, सगळं रोजच्यासारखं. वळणावर शिट्टी झाली. शिट्टी तर प्रत्येकच गाडी मारते, तिनं लक्ष दिलं नाही. पहिली लाइन ओलांडून ती मधे आली आणि चुंबळ सारखी करू लागली. पुढच्या लाइनीवर सुसाट येत होती. देवाजी हाका मारत होता, पण वाऱ्याचं तोंड उलटं होतं. धावत जाऊन तिला मागे लोटावं, तर तो फलाटावर आणि ती रुळांपलीकडे, मधे तीच लाइन. अंजनाबाईनं चुंबळ बसवली आणि पाऊल उचललं.

देवाजी माझ्याकडे धावला. बोल्ट घेतला आणि माझ्यावर ठोके घालायला लागला. तीन नाही, दोन नाही. मोजणं नाही, थांबणं नाही. दातओठ खाऊन, दोन्ही हातांनी तो मला बडवत होता. मी तारेवर गिरक्या घेत होतो. गाड्या अंगावर घेतलेला मी, पण असा मार मी कधी खाल्ला नव्हता, आणि खाताना इतकं समाधानही मला कधी वाटलं नव्हतं. आणखी मार, असं मी म्हणत होतो.

अंजनाबाईचं उचललेलं पाऊल परत खाली टेकलं.

भीतीनं नव्हे. गाडी तिनं तोवर पाहिलीच नव्हती. ती थांबली ती चकित होऊन. इतक्या वर्षांत ज्याचा एक ठोका कधी इकडचा तिकडे झाला नाही, तो तिचा भाऊ आज चुकला होता. तिनं मान वळवून पडवीकडे पाहिलं, जरा रागानंच. आणि तिच्या नाकासमोरून, हातभर अंतरावरून, सुसाट गेली. टोपली उडाली. काळे शिंगाडे दोन्ही लाइनींवर पसरले. धूळ बसली तेव्हा अंजनाबाई जागच्या जागी उभी होती. चुंबळ तेवढी डोक्यावर होती.

देवाजी फलाटावरून खाली उतरला. तिच्याजवळ पोचून त्यानं तिचा हात धरला. आधी बोलली ती.

"गिनती भुलला का गा, देवाजी?"

"हाव, बाई," तो म्हणाला. "भुललो."

मग तिनं गाडी गेली त्या दिशेला पाहिलं, पायाजवळच्या रुळाकडे पाहिलं आणि ती तिथंच खडीवर बसली. बराच वेळ दोघं भाऊबहीण लाइनीच्या मधे बसून शिंगाडे गोळा करत होते. गोपाळराव शिंगाडे उचलू लागले आणि पलीकडून आलेले नत्थूजीही.

त्या संध्याकाळी निंबाखाली गाव जमलं. सुसाटला नाव ठेवणारे पुष्कळ निघाले. तिला इथं थांबवा, नाही तर हळू हाका, असं म्हणणारेही निघाले. ज्यांच्यासाठी ती काढली त्या शहरांना चिचघाट कुठं आहे हे ठाऊक नाही, असं गोपाळराव म्हणाले आणि ते खरंच होतं. देवाजीचं म्हणणं एवढंच होतं, की मी तेच ठोके द्यायचे आणि लोकांनी यायचं, हे आता माझ्यानं होणार नाही. नोकरी गेली तरी चालेल.

तोड काढली अंजनाबाईनं. सकाळी मी काहून थांबली, असं तिनं सगळ्यांना विचारलं आणि उत्तरही तिनंच दिलं. घंटी चुकली म्हणून थांबली. तर त्या गाडीला रोजच चुकू दे. बिनमोजणीची घंटा झाली, की ज्यानं त्यानं असेल तिथं उभं राहायचं. रुळापाशी असो नाही तर चुलीपाशी. गाडी जाईस्तोवर पाऊल उचलायचं नाही. रुळापाशी असलेल्यानंच थांबायचं ठरवलं तर कुणी विसरेल, सगळ्यांनीच थांबायचं म्हटलं तर एकमेकांना बघून आठवेल.

सगळ्यांनी गोपाळरावांकडे पाहिलं. त्यांनी पान चावत विचार केला.

"तीन ठोके द्यावे असा नियम आहे," ते म्हणाले. "तीन झाल्यावर आणखी देऊ नये, असं काही मी तं वाचलं नाही, बाप्पा."

आणि दुसऱ्या दिवसापासून चिचघाट उभं राहायला लागलं. मला सांगायला अभिमान वाटतो, की देशातली एवढी वेगवान गाडी जवळ आली, की एक अख्खं गाव थांबायचं. इंदूबाई हातात उलथणं घेऊन उभी. गडी बैलांच्या कासऱ्याला धरून उभा. शाळेतली पोरं तर वाटच बघत असायची. एकदा मौद्याहून वरात आली होती. माझा आवाज झाला आणि गावचे वाजंत्री फुंकता फुंकता थांबले, नवरदेवाची घोडी धरणारा थांबला. वऱ्हाडी मंडळींना वाटलं, काही तरी मानापमान झाला. गाडी गेली आणि सनई जिथं तुटली होती तिथून पुढं सुरू झाली.

वर्षं गेली. सुसाटच्या मागून तशाच आणखी गाड्या आल्या. वेगाला एकदा घरात घेतलं, की तो भावंडं घेऊन येतो. त्यांना वाट देता देता पॅसेंजर कमी झाल्या. अंजनाबाईचं गिऱ्हाईकही कमी झालं. मोठ्या गाड्यांतली माणसं शिंगाडे घ्यायला हात बाहेर काढत नाहीत, त्यांचे चेहरेसुद्धा दिसत नाहीत. आता तिचे गुडघेही दुखायचे. पण सवयीनं ती निंबाखाली येऊन बसायची. सुसाट आली की काठी टेकून उभी राहायची, सगळ्यांसारखी.

देवाजीची नोकरी संपत आली तेव्हा त्याच्या वाट्याचा पास शिल्लक होता. त्यानं ठरवलं, की बहिणीला सुसाटमध्ये बसवायचं. ती आधी उखडलीच. जी गाडी मले खानार होती तिच्यात बसू का, म्हणाली. तिसऱ्या दिवशी तिनं ट्रंकेतलं पांढरं लुगडं काढून उन्हात घातलं. देवाजीची बायको देवकी तिच्याबरोबर जाणार होती. दोघींनी पॅसेंजरनं पुढच्या मोठ्या स्टेशनावर जायचं, तिथून नागपूरला येणारी सुसाट पकडायची, रात्री नातलगांकडे राहायचं आणि सकाळच्या पॅसेंजरनं घरी यायचं. तू बी चाल, असं अंजनाबाई भावाला म्हणाली.

"मी गाडीत बसलो तं घंटी कोन वाजवन?" देवाजी म्हणाला.

त्या दुपारी त्यानं मला आधी फडक्यानं पुसलं. मागच्या स्टेशनानं कळवलं, तसा त्यानं बोल्ट उचलला. पहिले तीन ठोके त्यानं नियमाचे दिले, सावकाश. मग बिनमोजणीचे सुरू केले. त्या सकाळी भीतीनं मारले होते तसेच भराभर, पण हात मोकळा होता. पलीकडे गाव थांबत गेलं, निंबापासून विहिरीपर्यंत आणि विहिरीपासून पाटलांच्या ओट्यापर्यंत. सुसाट आली आणि गेली. खिडक्या एकमेकींत मिसळून गेलेल्या, कोण कुठं बसलंय हे कुणाला दिसणार? तरी देवाजीनं झेंडीचा हात जरा जास्त वर केला होता.

दुसऱ्या दिवशी अंजनाबाई पॅसेंजरनं परत आली. घरी न जाता ती माझ्याखालच्या बाकावर बसली. देवाजीनं पाण्याचा गडवा आणून दिला आणि गाडी कशी होती ते विचारलं. तिला गाडीचं फारसं सांगायचं नव्हतं. पाणी प्यायली आणि म्हणाली, "आपलं गाव दिसलं."

"एवढ्यात दिसलं?"

"पापनी लववली नाही मी. सारे उभे होते. इंदूबाई होती. नत्थूजी पाटील होते, ओट्यावर, हातात तंबाखूची डबी घेऊन. मी दिसली की ते पाय बी खाली सोडत नव्हते कधी." तिनं गडवा खाली ठेवला. "सारं गाव उभं होतं गा, देवाजी. अन मी बसून होती."

देवाजी लहानपणी तिला चिडवायचा तसा हळूच म्हणाला, "ते तुह्यासाठी थोडीच उभे होते, बाई. गाडीसाठी होते."

"हाव," अंजनाबाई म्हणाली. "पन गाडीत मीच होती न."

दोघंही हसले. हसता हसता तिच्या डोळ्यांना पाणी आलं आणि तिनं ते पदरानं टिपलं.

देवाजी आता घरी असतो. गोपाळराव बदलून गेले. रुळांवर पूल झाला, पडवीत भोंगा बसला आणि त्यातून एक बाई न चुकता सगळ्या गाड्यांची नावं सांगते. माझ्यावर गंज चढतोय. जाता-येता एखादं पोरगं मला टिचकी मारून बघतं, तेवढाच काय तो आवाज. कधी काळी मलाही भंगारात घालतील आणि वितळवून काहीतरी करतील. परत रूळच केला तर बरं होईल.

जाता जाता तुम्हाला एकच मागणं आहे. तुमच्या शहरात लवकर पोचा, सुखानं पोचा, त्यासाठीच हा सगळा खटाटोप आहे. फक्त कन्हानचा पूल गेला की खिडकीबाहेर नजर ठेवा. कुणी म्हातारी निंबाखाली काठी टेकून उभी दिसली, तर ती गाडी बघायला उभी आहे असं समजू नका. रुळांवर पूल झाला तरी तिची सवय सुटलेली नाही, आणि आत कोण बसलं असेल याचा ती अजून विचार करत असते. तिला दिसो न दिसो, एकदा हात वर करा.